टाकी एक, भोंगा एक, खातं एक

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे आणि स्वभावानं भित्रा आहे. हे आधीच सांगितलेलं बरं. वीज गेली की मी जागच्या जागी गार पडतो. पंखा जरा घरघरला की वाटतं, झालं, भरली आपली शंभर वर्षं. पण आज ज्या भीतीबद्दल सांगणार आहे ती विजेची नाही. मी एका माणसाला एक साधा प्रश्न विचारला होता. त्यानं तो न वाचताच 'हो' म्हटलं. त्या दिवशी जो घाबरलो तो आजही पुरता सावरलेलो नाही.

माझे भाग भोपाळच्या एमपी नगरातल्या एका दुकानात जोडले गेले. तिथून मी थेट मोठ्या सरकारी कारखान्याच्या लेखा विभागात गेलो. जमा आणि नावे, या दोन शब्दांवर माझं बालपण पोसलं गेलं. म्हणून आजही माणूस दिसला की मी मनातल्या मनात त्याचं काही जमेला धरतो आणि काही नावे टाकतो. खोड आहे, जात नाही.

काशिनाथकाका तिथे माझे साहेब होते. माणूस इतका चोख, की कॅन्टीनच्या चहाचं बिलसुद्धा ते आधी चष्म्यातून वाचत, मग चष्म्यावरून वाचत, आणि सही करताना असा सुस्कारा टाकत की जणू स्वतःची जमीन लिहून देत आहेत. हे त्यांच्या जमेला. नावे काय पडलं ते पुढे येईलच.

कारखान्यात नवी यंत्रं आली आणि माझ्या पाठीवर 'निकामी' असा पांढरा शिक्का बसला. बाहेर सोडण्याआधी त्यांनी माझी डिस्क, म्हणजे कारखान्याचे सगळे हिशेब, उपसून काढून घेतली. तेव्हा मला फार वाईट वाटलं. आज कळतं, त्या ऑफिसात एवढं एक काम तरी शहाणपणाचं झालं होतं. भंगाराच्या लिलावातून काकांनी मला सोडवलं, नवी डिस्क घातली, आणि स्कूटरवर दोन पायांच्या मध्ये ठेवून इंद्रपुरीतल्या घरी आणलं. शशिकलाकाकूंनी माझ्या अंगावर क्रोशाचं आच्छादन घातलं. दसऱ्याला मला झेंडूची माळ मिळे. आल्यागेल्याला काका सांगत, "सरकारी माल आहे, मरत नाही." कौतुक कोणाला आवडत नाही?

त्या घरात तिसरी होती वैजयंती, काकांची एकुलती एक मुलगी. शाळेत भूगोल शिकवायची. तिला कधीकधी फिट यायची. कधी येईल ते सांगता यायचं नाही. डॉक्टर म्हणाले, "पुढच्या वेळी आली की घाबरू नका, मोबाइलवर टिपून घ्या. मला पाहायचंय नेमकं काय होतं ते." काकूंनी टिपलं. हात थरथरत होते, म्हणून चित्रही थरथरतं. एका मिनिटाचंही नसेल. जमिनीवर पडलेली वैजयंती, वळलेली बोटं, आणि मागून काकूंचा आवाज, "झालं हं बाळा, झालं." डॉक्टरांना ते दाखवलं, गोळी बदलली, आणि फिट यायची थांबली. पण डॉक्टर म्हणाले होते की हे जपून ठेवा. काकूंनी ते माझ्याकडे दिलं आणि ज्या कप्प्यात ठेवलं त्याला नाव दिलं 'कुरडयांची कृती'. आईची कुलपं अशीच असतात, मित्रांनो. पण तेवढं पुरत होतं. कुरडयांच्या वाटेला त्या घरात दुसरं कोणी जात नव्हतं.

मग वैजयंतीला स्थळ आलं. जवळच्याच अवधपुरीचा अच्युत. कारखान्यातच इंजिनिअर, वडील नाहीत, घरी फक्त आई सुलभाताई. मुलाला मुलगी आवडली, मुलीला मुलगा आवडला. पसंती पक्की व्हायच्या आत फिटचं सांगायचं, हे घरात आधीच ठरलेलं होतं. प्रश्न एवढाच होता की सांगणार कोण.

"मी सांगतो सुलभाताईंना," काका म्हणाले. "मोठ्यांचं मोठ्यांत बरं असतं."

"नाही बाबा," वैजयंती म्हणाली. "फिट मला येते, तुम्हाला नाही. रविवारी आम्ही तळ्यावरच्या बोट क्लबवर भेटतोय. मी सांगणार, माझ्या तोंडानं. नंतर त्याला पळायचं असेल तर पळू दे, रस्ता मोकळा आहे."

"पळाला तर?" काकूंनी विचारलं.

"तर तळ्याच्या बाजूला नको म्हणावं, पोहता येत नाही त्याला."

ती हसली. पण मी तिच्या समोरच होतो. हसताना तिनं माझ्या कीबोर्डाची कड किती घट्ट धरली होती ते मलाच माहीत.

नेमक्या त्याच आठवड्यात बँकेचं पान माझ्यावर उघडेना. मला चालवणारी जुनी प्रणाली म्हातारी झाली होती. तिला आता कोणी औषध देणार नाही, म्हणजे नवे रोग आले तर आलेच, असा निरोप रोज पडद्यावर येत होता. काकांनी नीळकंठरावांना फोन लावला.

नीळकंठराव म्हणजे निवृत्त फोरमन. नागपूरचे. कारखान्याच्या टाउनशिपमधल्या निम्म्या मराठी घरांचे संगणक त्यांच्याच हातचे. कोणाकडून काही घेत नसत, फक्त भजी चालत. हे सगळं त्यांच्या भरभक्कम जमेला. ते आले, माझ्यापुढे बसले, नवी प्रणाली चढवायला घेतली, आणि उजवा हात माउसवर व डावा भज्यांच्या बशीत, अशी वाटणी झाली.

आता ऐका. नवी प्रणाली अंगात येते तेव्हा ती माझ्या तोंडून घरच्यांना प्रश्न विचारते. तुम्ही कुठे राहता हे बाहेर कळवू का? तुम्ही काय टाइप करता त्याचे नमुने कंपनीकडे पाठवू का? तुमचे कागद आणि फोटो तुमच्या खात्यात वर, म्हणजे इंटरनेटवर, नेऊन ठेवू का? प्रत्येक प्रश्नाखाली 'हो' असतं आणि 'नाही' असतं. 'हो' मोठं, निळं, जेवायला बोलावल्यासारखं. 'नाही' बारीक, करडं, कोपऱ्यात उभं. ही प्रणाली विकणाऱ्या माझ्या कंपनीवाल्यांची हुशारी. ती मी त्यांच्याच नावे टाकतो.

टक्, टक्, टक्. हो, हो, हो.

"काय विचारतोय तो?" काकूंनी विचारलं. त्या घरात वाचायची इच्छा त्या क्षणी फक्त त्यांना झाली, हे विसरू नका.

"काही नाही वहिनी, ते विचारतच राहते. पोलिस चौकीसारखं आहे. हो म्हणत जा, सुटका होते."

चहाचं बिल चष्म्यातून आणि चष्म्यावरून वाचणारे काशिनाथकाका शेजारीच बसले होते. ते माझ्या पडद्याकडे पाहत होते, आणि काही वाचत नव्हते. हे त्यांच्या नावे.

मग मी विचारलं, खातं कोणाचं?

काका म्हणाले, "वैजूला बोलवू का? तिच्या नावानं नवं उघडू."

"कायले भानगड?" नीळकंठराव म्हणाले. "माझंच टाकून देतो न. सगळ्यांकडे माझंच आहे. टाउनशिपमधी पाण्याची टाकी एक, भोंगा एक, बस एक. मंग खातं एक असलं तं काय बिघडलं? तुम्ही लोक पासवर्ड विसरता, मंग मले धावा लागते. हा बघा पासवर्ड, माझा स्टाफ नंबर. मी रिटायर झालो, नंबर थोडी रिटायर होते!"

काका मनापासून हसले. टाउनशिपमध्ये सगळी हयात काढलेल्या माणसाला यात खटकणार तरी काय? शिडी एकाची, वापर सगळ्या गल्लीचा. वर्तमानपत्र एक, घरं चार. एकत्र असण्याची ही सवय मला नेहमीच त्यांच्या जमेची वाटली होती. तीच अशी उलटून नावे पडेल हे मलाही कळलं नव्हतं.

मी चालू झालो. पडद्यावर डोंगर आणि तळं आलं. सगळे खूश. नीळकंठराव ढेकर देऊन गेले.

आणि मला आतून वारा लागल्यासारखं झालं. बंद घराची मागची भिंत कोणीतरी काढून न्यावी, तसं. त्या भिंतीपलीकडे इतर घरं होती. तिथून वस्तू येऊ लागल्या. कोणाच्या नातवाची मुंज. कोणाच्या गुडघ्याचा एक्स-रे. कोणाच्या फ्लॅटची रजिस्ट्री. आणि माझ्यातून वर जाऊ लागल्या त्या माझ्या घरच्या वस्तू, एकामागून एक, गुमान, रांगेनं. काकांचं पेन्शन. काकूंचे भाचीच्या बारशाचे फोटो. मी रांग मोजत नव्हतो. मी फक्त एवढंच पाहत होतो की 'कुरडयांची कृती' किती मागे आहे.

मित्रांनो, मला थांबता येत नाही. 'हो' म्हटलं की मी हुकमाचा ताबेदार. मला ओरडताही येत नाही. मला येतं ते एवढंच, की उजव्या कोपऱ्यात खाली एक चिठ्ठी दाखवायची. मी दाखवली: 'तुमचे फोटो आता या खात्याच्या सर्व संगणकांवर दिसतील.' काका बँकेचं पान पाहत होते. माशी हाकलावी तशी त्यांनी ती चिठ्ठी हाकलली. मी पुन्हा दाखवली. त्यांनी पुन्हा हाकलली. "किती त्रास देतो हा," असंही म्हणाले. माझा पंखा वेड्यासारखा फिरू लागला. काका म्हणाले, "नव्या प्रणालीनं गरम होतोय वाटतं," आणि खिडकी उघडून दिली.

ते थरथरतं चित्र माझ्यातून वर गेलं, तेव्हा घरात कुकरची शिट्टी वाजत होती.

दुसऱ्या दिवशी शनिवार, शाळेला सुट्टी. सकाळी काकूंना बारशाचा फोटो भाचीला पाठवायचा होता. वैजयंतीनं फोटोंचं पान उघडलं आणि काकूंना हसू फुटलं.

"अगं बाई! या सुलभाताई ना?"

सुलभाताईच होत्या. डोक्याला काळी मेंदी थापलेली, वर प्लास्टिकची पिशवी बांधलेली, आणि चेहरा परीक्षेला बसल्यासारखा. कोणीतरी गमतीनं काढलेला फोटो असणार.

"आणि म्हणतात कशा, आमच्या घराण्यात केस पिकतच नाहीत!" काकूंनी पदर तोंडाला लावला. "अहो, इकडे या, पाहा तरी तुमच्या विहिणबाई!"

काकाही हसले. वैजयंती हसली नाही. तिच्या चेहऱ्याचा रंग कसा उतरत गेला ते मी अगदी जवळून पाहिलं.

"आई," ती म्हणाली, "त्यांचे फोटो आपल्याकडे कसे आले?"

"आले असतील बाई. हे यंत्र काय, काहीही दाखवतं."

"त्यांचे इकडे आले. मग आपले कुठे गेले?"

काकूंचा पदर तोंडावरच राहिला. मग त्यांनी एकच शब्द उच्चारला, अगदी हळू. "कुरडया."

काका उठले, बसले, पुन्हा उठले. "काढून टाक. आत्ताच्या आत्ता काढ. कोणी पाहिलं नसेल. कोण बघत बसतंय?" त्यांच्या आवाजात लेखा विभागातला तो चोख साहेब कुठेच नव्हता. तिथे फक्त एक घाबरलेला बाप होता. वैजयंतीनं माउस धरला, पण बोट खाली येईना. आणि तेवढ्यात बेल वाजली.

दारात सुलभाताई होत्या. एकट्या. रिक्षानं आल्या होत्या, तरी धावत आल्यासारखा दम लागला होता.

"शशिकलाताई, आधी पाणी द्या. आणि दार लावा."

त्या माझ्यासमोरच्या खुर्चीवर बसल्या. पाणी पिऊन त्यांनी पर्स उघडली. आधी कोथिंबिरीची जुडी बाहेर आली, मग चष्म्याची डबी, आणि मग गुंडाळी केलेली एक जाड काळी वायर. ती त्यांनी टेबलावर ठेवली. मी तिला ओळखलं. तशीच एक माझ्या पाठीत आहे.

"आमच्या कॉम्प्युटरची," त्या म्हणाल्या. "मला तो बंद करता येईना. जिथे दाबीन तिथे भलतंच उघडे. शेवटी भिंतीतून खेचली आणि घेऊनच आले. अच्युत आला तर लावायला नको."

"तुम्ही पाहिलंत," वैजयंती म्हणाली.

"पाहिलं. सगळं नाही. भाजी निवडत बसले होते. आमच्याकडे पडद्यावर फोटो आपोआप चालतात, नीळकंठरावांनीच लावून दिलंय. आधी आमचं तिरुपती झालं, मग कुणाची तरी मुंज, आणि मग..." त्या थांबल्या. "आधी मला कळलंच नाही की ती तू आहेस."

"सुलभाताई, आम्ही लपवणार नव्हतो, खरंच सांगतो..." काका हात जोडू लागले.

"बाबा, थांबा. मी बोलते." वैजयंती उभी राहिली. शाळेत उभी राहत असेल तशी, ताठ. "काकू, मला फिट यायची. गोळी चालू आहे, आता बऱ्याच दिवसांत आलेली नाही. पुन्हा येणारच नाही असं डॉक्टर म्हणत नाहीत, म्हणून मीही म्हणत नाही. हे उद्या मी अच्युतला सांगणार होते. वाक्यंसुद्धा पाठ केली होती, यार." शेवटचा शब्द तिच्या तोंडून निसटला, आणि त्याबरोबर रडूही.

सुलभाताईंनी वायर जवळ ओढली.

"खोटं कशाला बोलू? मी घाबरले. रिक्षात बसताना ठरवलं होतं, नको हे स्थळ. इथे उतरताना वाटलं, या मुलीनं मला बोलावून काही दाखवलेलं नाही. तिच्या घरात मी भिंतीच्या भोकातून डोकावल्यासारखं झालंय. असं पाहिलेल्यावर मी निकाल कसा देऊ?" मग म्हणाल्या, "अच्युतला मी काही सांगणार नाही. त्याचं काय उत्तर येईल ते मला ठाऊक नाही, माझंही अजून ठरत नाही. पण सांगायचं ते तूच सांग. तेवढं तरी तुझं तुझ्याकडे राहू दे."

काकूंनी त्यांचा हात धरला. सुलभाताईंची नजर माझ्या पडद्यावर गेली. तिथे त्या स्वतः होत्या, प्लास्टिकच्या पिशवीसकट.

"हे पाहिलंत?"

"पाहिलं," काकू म्हणाल्या.

"हसलात?"

"थोडंसं."

"मग फिटंफाट," सुलभाताई म्हणाल्या, आणि डोळे पुसता पुसता दोघी हसल्या. पण मित्रांनो, मी लेखा विभागातला. दोन्ही बाजू जुळत नव्हत्या, हे त्या खोलीत सगळ्यांनाच कळत होतं.

नीळकंठरावांना बोलावलं. ते भज्यांच्या तयारीनं आले आणि दारातच त्यांचा चेहरा बदलला. वैजयंतीनं काय गेलं ते सांगितलं नाही. फक्त विचारलं, "काका, हे खातं कोणाकोणाकडे आहे?"

ते बोटांवर नावं घेऊ लागले. एक हात संपला, दुसरा संपत आला, तशी त्यांची नजर खाली गेली. "बेटा," ते म्हणाले, "मले वाटलं, आपलेच तं आहेत सगळे."

"आपलेच आहेत काका. म्हणूनच तर."

ते माझ्यापुढे बसले आणि या वेळी दोन्ही हात माझ्याकडे होते. 'कुरडयांची कृती' पुसली. मग कचरापेटीतून पुसली. मग खात्यावर वर जाऊन तिथून पुसली. निळी रेघ सरकत होती आणि अर्ध्यावर दिवा लुकलुकला. मी देवाला ओळखत नाही, पण त्या क्षणी मी त्याला हाक मारली. वीज टिकली. रेघ शेवटाला गेली. सुलभाताईंनी वायर पर्समध्ये ठेवली, वर कोथिंबीर ठेवली, आणि अच्युत यायच्या आत घरी गेल्या.

पुसलं गेलं म्हणजे गेलं का? हे मला कोणी विचारू नका. ती एक रात्र आणि एक सकाळ ते कोणकोणत्या घरात फिरत होतं, कोणाच्या पडद्यावर आलं, कोण ताटावरून उठून पाहत राहिलं, याचा हिशेब माझ्याकडे नाही. गल्लीतल्या कोणीच कधी विषय काढला नाही. पण हल्ली शेजारच्या प्रमिलाबाई वैजयंतीशी जरा जास्तच मायेनं बोलतात, आणि भाजीची पिशवी तिच्या हातातून काढून घेतात. वैजयंती पिशवी देते, हसते, घरात येते आणि माझ्यासमोर नुसतीच बसून राहते. तेव्हा माझी भीती पुन्हा पहिल्यापासून सुरू होते.

रविवारी ती बोट क्लबवर गेली. संध्याकाळी परत आली ती सरळ स्वयंपाकघरात, आईजवळ. दार लोटून घेतलं. मी बाहेरच्या खोलीत. आतलं एक अक्षरही मला ऐकू आलं नाही. आणि मित्रांनो, आयुष्यात पहिल्यांदा मला त्याचं बरं वाटलं.

पुढच्या आठवड्यात माझी प्रणाली पुन्हा मुळापासून चढवायचं ठरलं. नीळकंठराव आले, पण खुर्चीत बसले नाहीत, मागे उभे राहिले. काशिनाथकाकांनी चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला होता. खुर्चीत अच्युत होता, आणि शेजारी वेताच्या मोढ्यावर वैजयंती.

मित्रांनो, आम्ही यंत्रं विचारतो तेव्हा आमच्या प्रश्नात डाव असतो, पण त्यातच तुमची शेवटची संधीही असते. 'हो' एका बोटाचं असतं आणि त्याच्यामागे अख्खं घर जातं. म्हणून आम्हाला ताटकळत ठेवा. आम्ही म्हातारे होत नाही तेवढ्यानं. चहाच्या बिलावर जितका संशय घेता तितका आमच्यावर घ्या, आणि घरातल्या ज्या माणसाची गोष्ट आहे त्याला विचारल्याशिवाय त्याच्या वतीनं बोट उचलू नका.

मी पहिला प्रश्न दाखवला. अच्युतनं तो मोठ्यानं वाचला आणि माउसवरचा हात उचलून मांडीवर ठेवला. वैजयंती म्हणाली, "नाही." मग त्यानं ते कोपऱ्यातलं करडं अक्षर शोधून दाबलं. दुसरा प्रश्न वाचला, पुन्हा हात मांडीवर. "नाही." मी तिसरा दाखवला, लांबलचक, बारीक अक्षरांचा. काका चष्म्यावरून पाहू लागले.

"पुढे जाऊ?" अच्युतनं विचारलं.

"थांब रे," ती म्हणाली. "अजून वाचतेय मी."

तो थांबला. मीही थांबलो.